विश्लेषण : इंजिन काढून बॅटरी बसवली, तर क्लासिक स्पोर्ट्स कार ‘तीच’ राहते का?

ब्रिटनचे प्रिन्स हॅरी आणि मेगन मार्कल १९ मे २०१८ रोजी लग्नानंतरच्या स्वागत समारंभाला निघाले, ते १९६८ सालच्या जग्वार ई-टाइपमधून. मात्र या गाडीत पेट्रोल इंजिन नव्हते, तर बॅटरी होती. जुन्या स्पोर्ट्स कार इलेक्ट्रिक कराव्यात का, या वादात या गाडीचे उदाहरण महत्त्वाचे ठरते.

गाडीत नेमके काय बदलले?

सहा सिलिंडरच्या इंजिनाच्या जागी जवळपास तेवढ्याच आकाराचा ४० किलोवॉट-तास क्षमतेचा बॅटरी पॅक बसवण्यात आला. गिअरबॉक्सच्या जागी २२० किलोवॉटची, म्हणजे सुमारे २९५ अश्वशक्तीची मोटर आली. ही गाडी ताशी १०० किलोमीटरचा वेग ५.५ सेकंदांत गाठते. कंपनीच्या मते मूळ ई-टाइपपेक्षा हे सुमारे एका सेकंदाने लवकर. मोटर थांबलेल्या अवस्थेपासूनच पूर्ण जोर देते, हे त्यामागचे मुख्य कारण.

मग अडचण कुठे येते?

वेग मिळवणे सोपे, वजन आवरणे कठीण. एक किलो पेट्रोलमध्ये सुमारे १२ किलोवॉट-तास ऊर्जा असते. तेवढ्याच वजनाच्या बॅटरी पॅकमध्ये साधारण त्याच्या पन्नासाव्या हिश्श्याहूनही कमी. मोटर ऊर्जा फारशी वाया घालवत नाही, त्यामुळे काही तूट भरून निघते, सगळी नाही. लांब पल्ल्यासाठी मोठी बॅटरी घातली की वजन वाढते. मग ब्रेक, सस्पेन्शन, टायर सगळेच बदलावे लागते आणि वळणावरची चपळाई जाते. जग्वारने उलटा मार्ग धरला. नवी गाडी मूळ गाडीपेक्षा ४६ किलोंनी हलकी ठेवली, त्यामुळे ब्रेक आणि सस्पेन्शन जुनेच चालले. त्या बदल्यात पल्ला सुमारे २७० किलोमीटरवर थांबला.

विरोध कशासाठी?

जुन्या वाहनांच्या आंतरराष्ट्रीय महासंघाने, म्हणजे ‘फिवा’ने, २०१९ मध्ये भूमिका मांडली, की अशा गाड्या ऐतिहासिक वाहनाच्या व्याख्येत बसत नाहीत. बदल करायचाच असेल, तर तो उलटवता यावा आणि काढलेले भाग जपून ठेवावेत, असा सल्लाही दिला. जग्वारची रचना उलटवता येण्याजोगीच होती. तरीही ग्राहकांसाठी अशा गाड्या बनवण्याचा प्रकल्प २०१९ च्या अखेरीस थांबला.

भारतात काय स्थिती?

जग्वार २००८ मध्ये मुंबईच्या टाटा मोटर्सने विकत घेतली, पण भारतातील नियम अशा बदलाला फारसे अनुकूल नाहीत. इलेक्ट्रिक किटला पुण्यातील ‘एआरएआय’सारख्या अधिकृत चाचणी संस्थेची मान्यता लागते आणि आरटीओत नोंद बदलावी लागते. शिवाय २०२१ च्या नियमांनुसार ‘व्हिंटेज’ नोंदणीसाठी गाडी ५० वर्षांहून जुनी आणि मूळ स्वरूपात असावी लागते. इंजिनात मोठा बदल चालत नाही.

म्हणजे मालकाला निवड करावी लागते : गाडीचा इतिहास कागदोपत्री जपायचा, की ती धुराविना रस्त्यावर धावती ठेवायची. म्हणूनच कोणी असे रूपांतर करून देतो म्हणाला, तर ‘किती वेगाने पळेल?’ याआधी तीन गोष्टी विचाराव्यात. वजन किती वाढेल, किटला मान्यता आहे का, आणि काढलेले इंजिन पुन्हा बसवता येईल का?