राज्यसभेची निवडणूक व कास्तकारांचें कर्तव्य

राज्यसभेच्या निवडणुकीची बातमी वर्तमानपत्रांत आली म्हणजे आमच्या केळापूर तालुक्यांतील बहुतेक कास्तकार बंधु ती वरवर वाचून पान उलटतात. मत देणारे आमदार, उमेदवार ठरविणारे पक्षाचे पुढारी, मतपेटी मुंबईस. तेव्हां पांढरकवड्याच्या बाजारांत कापूस घेऊन येणाऱ्यानें त्याची काळजी कां वाहावी, असा त्यांचा प्रश्न असतो. प्रश्न वाजवी आहे. परंतु ‘वाहूं नये’ हें जें उत्तर गृहीत धरलें जातें, तें आमच्या मतें नुकसानीचें आहे.

आमची हयात महसूल खात्याच्या कारकुनींत गेली. सातबाऱ्यावर एक ओळ चढली किंवा उतरली म्हणजे कुटुंबाचें काय होतें, हें आम्हीं पाहिलें आहे. ती ओळ कोणत्या कायद्यानें चढते, तो कायदा कोठें होतो, व तो करणाऱ्यास तेथें कोण पाठवितो, ही सांखळी ज्यास समजली त्यास राज्यसभा दूरची वाटणार नाहीं.

प्रथम हिशेब पाहूं. राज्यसभेंत महाराष्ट्राच्या १९ जागा आहेत. सभासदाची मुदत सहा वर्षांची असून दर दोन वर्षांनीं सुमारें एकतृतीयांश सभासद निवृत्त होतात. त्यामुळें ही सभा कधीं विसर्जित होत नाहीं. विधानसभेचे २८८ निवडून आलेले आमदार पसंतीक्रमानें मत देतात व प्रत्येक मताचें मूल्य १०० धरतात. सहा जागा असल्यास २८,८०० ला सातांनीं भागून त्यांत एक मिळवावा. ४,११५ हा कोटा येतो. म्हणजे बेचाळीस आमदारांनीं पहिली पसंती दिली कीं एक सभासद निवडून येतो. केळापूर तालुका २००९ पासून आर्णी मतदारसंघांत आहे. तेथील आमदारास आपण दिलेलें मत विधानसभेबरोबरच राज्यसभेच्या मतदारालाहि दिलेलें असतें.

एकेक मत किती मोलाचें, हें दोन निवडणुकांवरून दिसेल. १९९८ सालीं काँग्रेसचे अधिकृत उमेदवार राम प्रधान पराभूत झाले, व आमच्याच जिल्ह्याचे विजय दर्डा अपक्ष म्हणून निवडून आले. पुढें जून २०२२ मध्यें सहा जागांस सात उमेदवार उभे राहिले. भाजपचे धनंजय महाडिक आले व शिवसेनेचे संजय पवार पडले. लहान पक्षांचे व अपक्ष आमदार त्या वेळीं एकाएकी महत्त्वास चढले. उलट २०२४ सालीं सहाहि जागा बिनविरोध भरल्या. आमदारांस मत देण्याचाहि प्रसंग आला नाहीं.

आतां या सभेचा आपल्या शेताशीं संबंध काय, तें सांगतों. २०१३ च्या भूसंपादन कायद्यानें खाजगी कंपनीसाठीं जमीन घ्यावयाची तर ८० टक्के व सरकार-खाजगी भागीदारीसाठीं ७० टक्के बाधित कुटुंबांची संमति आवश्यक ठरविली. डिसेंबर २०१४ अखेर निघालेल्या वटहुकुमानें पांच प्रकारच्या कामांस ही अट काढून टाकण्याची वाट केली. त्याचें विधेयक मार्च २०१५ मध्यें लोकसभेंत मंजूर झालें. राज्यसभेंत मात्र सरकारजवळ बहुमत नव्हतें. विधेयक तेथें अडलें, वटहुकूम पुन्हां पुन्हां काढावा लागला, आणि ऑगस्ट २०१५ अखेर त्याची मुदत संपूं दिली गेली. संमतीची अट टिकली ती वरिष्ठ सभागृहांतील मोजक्या मतांमुळें. ज्याच्या नांवावर दोन एकर आहेत, त्यानें हें विसरूं नये.

दुसरें उदाहरण उलट बाजूचें आहे. ता. २० सप्टेंबर २०२० रोजीं शेतमालाचा व्यापार व करारशेती यांविषयींचीं दोन विधेयकें राज्यसभेंत आलीं. मतें मोजावीं अशी विरोधकांची मागणी होती. सभागृहांत मोठा गोंधळ माजला, व विधेयकें आवाजी मतानें मंजूर झालीं. कायदे चांगले कीं वाईट, याविषयीं कास्तकारांत दोन तट होते व आहेत. खुल्या व्यापाराचा पक्ष घेणारे आमच्या विदर्भांतहि पुष्कळ आहेत. परंतु मोजणी न करतां धुरा घातला तर तंटा मिटत नाहीं, वाढतो. तेथेंहि तसेंच झालें. दिल्लीच्या सीमेवर वर्षभर आंदोलन चाललें व नोव्हेंबर २०२१ मध्यें ते कायदे परत घेतले गेले. सभागृहांत नीट मोजणी व छाननी झाली असती, तर कोणताहि पक्ष खरा ठरो, कास्तकाराचें एक वर्ष तरी वांचलें असतें.

या सभेंत शेतकऱ्याचा माणूस कधीं गेलाच नाहीं, असें नाहीं. इंग्रजी अमदानींतील कौन्सिल ऑफ स्टेटमध्यें वऱ्हाडतर्फे अमरावतीचे दादासाहेब खापर्डे बसत. पण तेव्हां मताचा हक्क मोठा सारा किंवा प्राप्तिकर भरणाऱ्या थोड्यांचाच होता. २००४ ते २०१० शेतकरी संघटनेचे शरद जोशी महाराष्ट्रांतून राज्यसभेंत होते. राष्ट्रपतींनीं नेमलेले डॉ. स्वामिनाथन यांनीं शेतकरी स्त्रियांच्या हक्कांचें विधेयक तेथें मांडलें. परंतु २०१३ सालीं त्यांची मुदत संपली व विधेयक बारगळलें. एकटा माणूस चांगला असून भागत नाहीं. त्याच्या मागें मतें लागतात.

यावर कोणी म्हणेल कीं आमदार पक्षाच्या हुकुमाचा ताबेदार. त्यास विचारून काय उपयोग? २००३ पासून पक्षाच्या आमदारास मतपत्रिका पक्षाच्या प्रतिनिधीस दाखवावी लागते, हें खरें. त्याच वर्षीं उमेदवार त्या राज्याचा मतदार असावा ही अटहि गेली. म्हणून २०१८ सालीं भाजपनें केरळचे मुरलीधरन व २०२२ सालीं काँग्रेसनें उत्तर प्रदेशचे इम्रान प्रतापगढी महाराष्ट्रांतून पाठविले. सर्वोच्च न्यायालयानें २००६ सालीं हे दोन्ही बदल कायम केले. मात्र या निवडणुकींत पक्षाविरुद्ध मत दिल्यानें पक्षांतराच्या कायद्याखालीं आमदारकी जात नाहीं, हेंहि स्पष्ट झालें. तरीहि आमदारानें पक्ष मोडावा असें आमचें सांगणें नाहीं. मत देण्याच्या दिवशीं तो बांधलेला असेल, पण उमेदवार ठरण्यापूर्वीं तो बोलूं शकतो. तेव्हां बोलावें तें आधीं.

त्यासाठीं आमची सूचना साधी आहे. उमेदवारी अर्जास दहा आमदारांच्या सह्या पुरतात. यवतमाळ जिल्ह्यांतच सात आमदार आहेत. विदर्भांत बासष्ट आहेत, आणि कोटा बेचाळीसांचा. हे सर्व पक्षभेद सोडून एकत्र येतील अशी भाबडी आशा आम्ही धरीत नाहीं. परंतु कोरडवाहू कापसाची शेती जाणणारें एक नांव आपल्या पक्षापुढें ठेवा, एवढें प्रत्येकानें आपल्या आमदारास सांगणें अशक्य नाहीं.

विधानसभेच्या उमेदवारानें गांवांत सभा घेतली म्हणजे रस्ता व विजेचे प्रश्न विचारावेच. त्यांत तीन प्रश्नांची भर घालावी. राज्यसभेसाठीं तुम्ही कोणाच्या नांवाचा आग्रह धराल? तो महाराष्ट्राचा रहिवासी असेल काय? आणि जमीन व शेतमाल यांच्या विधेयकावर त्यानें कसें मत दिलें, तें तुम्ही गांवांत येऊन सांगाल काय? उत्तरें सोसायटीच्या वहींत तारखेसह लिहून ठेवावीं. लिहिलेल्या शब्दाला पुढारी जितका जपतो, तितका तोंडी शब्दाला जपत नाहीं, हा आमचा कचेरींतील अनुभव आहे.