यलो अलर्ट होता, मग वादळ एवढं मोठं कसं?

वळवाचे ढग तासा-दोन तासांत तयार होतात. ते नेमके कुठे बरसतील, हे आदल्या दिवशी सांगता येत नाही. म्हणून हवामान विभागाचा रोजचा अलर्ट अख्ख्या जिल्ह्यासाठी असतो. यलो म्हणजे लक्ष ठेवा, ऑरेंज म्हणजे तयारीत राहा, रेड म्हणजे लगेच पावलं उचला. ढग रडारवर दिसले की पुढच्या तीन तासांसाठी ‘नाऊकास्ट’ इशारा येतो. वळवाच्या दिवसांत तोच महत्त्वाचा. १३ मे २०२४ रोजी मुंबईत घाटकोपरला वादळात होर्डिंग कोसळून १७ जणांचा जीव गेला. त्यामुळे यलो अलर्ट असला तरी नाऊकास्ट बघत राहा. आणि इशारा फॉरवर्ड करण्याआधी त्यावरची तारीख-वेळ तपासा. सकाळचा नाऊकास्ट संध्याकाळी उपयोगाचा नाही.