विश्लेषण : पोलिसांचे नोकरीचे खटले वर्षानुवर्षे का रेंगाळतात?

कुर्डुवाडीच्या पोलिस ठाण्यातील एखाद्या शिपायाला निलंबित केले, बडतर्फ केले किंवा त्याची पदोन्नती रोखली, तर त्याच्यासाठी मोर्चा काढणारी संघटना नसते. ऑगस्ट 1982मधील मुंबई पोलिसांच्या संपाच्या वेळी सरकारने त्यांच्या संघटनेची मान्यता काढून घेतली. उरतो तो अर्ज, अपील आणि खटल्याचा रस्ता. तिथेही निकाल येईपर्यंत निवृत्तीचे वय उलटून गेले, तर जिंकूनही हाती काय लागणार, हा प्रश्न उरतोच.

दाद कुठे मागायची?

कुर्डुवाडी ठाणे सोलापूर ग्रामीण दलात येते. जिल्हा पोलिस अधीक्षकांनी शिक्षा दिली तर अपील कोल्हापूर परिक्षेत्राच्या विशेष पोलिस महानिरीक्षकांकडे जाते. त्यानंतर महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, म्हणजेच ‘मॅट’. 1985च्या केंद्रीय कायद्यानुसार मॅट 1991मध्ये सुरू झाले. मुंबई, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगर येथे त्याची पीठे आहेत, सोलापूरकरांसाठी मुंबई. मॅटच्या निकालाविरुद्ध आधी उच्च न्यायालयातच जावे लागते, हे सर्वोच्च न्यायालयाने 1997मध्ये एल. चंद्रकुमार खटल्यात ठरवले. ऑगस्ट 2025मध्ये उच्च न्यायालयाचे कोल्हापूर सर्किट बेंच सुरू झाले आणि सोलापूर जिल्हा त्याच्या कक्षेत आला. तरीही वाटेत चार पायऱ्या आहेतच.

कर्मचाऱ्याने उशीर केला तर?

अंतिम आदेशानंतर एका वर्षात मॅटमध्ये जावे लागते. अपिलावर सहा महिने उत्तरच आले नाही, तर ते सहा महिने संपल्यापासून वर्ष मोजतात. सबळ कारण असेल तरच उशीर माफ होतो. ‘विनंती अर्ज करत होतो’ हे कारण सहसा चालत नाही. जुन्या प्रकरणावर नवा अर्ज दिल्याने मुदत पुन्हा सुरू होत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने 2008मध्ये स्पष्ट केले. अनेक जण इथेच फसतात. त्याच वर्षीच्या तरसेमसिंग खटल्यात एक सवलत मिळाली. पगार किंवा पेन्शन दरमहा कमी मिळत असेल, तर उशिराही दाद मागता येते. मात्र थकबाकी साधारण मागील तीन वर्षांचीच मिळते. सेवाज्येष्ठता किंवा पदोन्नतीच्या वादात ही सवलत नाही, कारण त्यात इतरांचे हक्क गुंतलेले असतात.

विभागाने उशीर केला तर?

इथे बंधने आहेत, पण सैल. आरोपपत्र न देता निलंबन तीन महिन्यांपुढे नेऊ नये, असे अजयकुमार चौधरी खटल्यात 2015मध्ये ठरले; राज्य सरकारनेही 9 जुलै 2019च्या शासन निर्णयाने ते स्वीकारले. विभागीय चौकशी सहा महिन्यांत, फार तर वर्षभरात संपवावी, असेही 2015मध्येच सांगितले गेले. पण मुदत उलटली म्हणून चौकशी आपोआप रद्द होत नाही. त्यासाठी पुन्हा खटलाच करावा लागतो.

उशिराचा फायदा कोणाला?

कधी दोषीलाही. मध्य प्रदेशातील बनीसिंग या पोलिस अधिकाऱ्यावर सुमारे 12 वर्षांपूर्वीच्या गैरव्यवहारांचे आरोप ठेवले गेले. इतक्या विलंबाचे समाधानकारक कारण सरकारला देता आले नाही, म्हणून सर्वोच्च न्यायालयाने 1990मध्ये ती चौकशी रद्दच ठेवली. आरोप खरे होते की खोटे, हे कधी तपासलेच गेले नाही.

निर्दोषाची कहाणी उलटी. राजस्थानातील एका पोलिस शिपायाला जन्मतारखेत फेरफार केल्याच्या आरोपावरून 2004मध्ये काढले गेले. 2007मध्ये फौजदारी न्यायालयाने त्याला निर्दोष सोडले. नोकरी परत मिळाली डिसेंबर 2023मध्ये, सर्वोच्च न्यायालयाच्या आदेशाने, आणि मागील पगार निम्मा. म्हणजे जवळपास 20 वर्षे सरकारला त्याची सेवा मिळाली नाही आणि निम्मा पगार जनतेच्या पैशातून द्यावा लागला.

तोवर घर कसे चालते?

निलंबनात पहिले तीन महिने साधारण निम्म्या पगाराइतका निर्वाह भत्ता मिळतो, नंतर तो वाढू शकतो. बडतर्फ झाल्यास तोही नाही. चौकशी सुरू असताना निवृत्ती आली, तर तात्पुरती पेन्शन मिळते, ग्रॅच्युइटी अडकते. मुलीचे लग्न किंवा घराचे कर्ज या रकमेवर ठरवलेले असेल, तर सारेच कोलमडते.

मग उपाय काय?

कर्मचाऱ्याला एक वर्षाची मुदत कायद्याने घातली आहे. मग चौकशीसाठी विभागालाही तशीच बांधीव मुदत हवी. ती चुकली, तर विलंबाचे लेखी कारण आणि जबाबदार अधिकाऱ्याचे नाव नोंदवले जावे. निवृत्तीला दोन वर्षे उरलेल्यांचे खटले मॅटने आधी घ्यावेत. कसूर करणाऱ्या पोलिसाला शिक्षा व्हावी आणि निर्दोषाची वर्दी वेळेत परत मिळावी, हे दोन्ही लोकांच्याच हिताचे आहे. उशीर मात्र दोन्हींचा घात करतो.