मसाला, विमान आणि मराठी

माझा थोरला भाऊ दुबईला कामाला निघाला तेव्हा आईने कांडलेला कांदा-लसूण मसाला त्याच्या हातपिशवीत घातला. तपासणीत तो काढून घेतला गेला. नियमाला माझा विरोध नाही. तिखट कोणाच्याही डोळ्यांत फेकता येते. म्हणून ते जवळ नको, सामानाच्या बॅगेत चालते. सुके खोबरे मात्र तेथेही चालत नाही, कारण त्यातील तेलामुळे ते आपोआप पेट घेऊ शकते. ही कारणे आईलाही पटली! पण आमच्या हाती आलेली यादी इंग्रजीत होती. घरात ती वाचू शकणारा मी एकटा, तो येथे वसतिगृहात. ज्यांच्या घरातून कोणीच कॉलेजात गेलेले नाही, त्यांनी काय करावे? विमान कंपन्यांनी ही यादी मराठीतही द्यावी, आणि तीत नुसते ‘पावडर’ न लिहिता तिखट, मसाला, खोबऱ्याची वाटी असे लिहावे.