देवदूत म्हटलं की आपण सुटलो

पोलंडमधल्या उल्मा कुटुंबाचा फोटो दर काही महिन्यांनी फिरत फिरत आपल्या भिंतीवर येतो. शेतकरी नवरा, बायको, लहान पोरं. खाली लिहिलेलं असतं की ज्यूंना घरात लपवलं म्हणून नाझींनी अख्खं घर संपवलं, अशा देवदूतांना सलाम. त्याखाली रांगेने जोडलेले हात.

माझं भांडण फोटोशी नाही, ‘देवदूत’ या शब्दाशी आहे. देवदूत म्हटलं की विषय मिटला. त्यांना जमलं ते आपल्याला जमणार नाही हे वेगळं सांगायलाच नको. मग हात जोडायचे आणि पुढच्या रीलवर जायचं.

म्हणून आज एका गावाबद्दल लिहितो, जिथे देवदूत नव्हते. दक्षिण फ्रान्सच्या डोंगराळ पठारावरचं ल शाँबाँ-सुर-लिन्यों. थंडी मरणाची, शेती जेमतेम. उन्हाळ्यात शहरी पाहुणे येत, त्यांच्या भाड्यावर अनेकांचं वर्ष निघे. तिथला प्रोटेस्टंट पाद्री आंद्रे त्रोक्मे, आणि त्याची बायको माग्दा. १९४०-४१ च्या हिवाळ्यात माग्दाच्या दारात बर्फात भिजलेली एक बाई उभी राहिली. जर्मनीतून पळालेली ज्यू. माग्दाने तिला आत घेतलं, खाऊ घातलं आणि सरळ मेयरकडे गेली, हिचे कागद करून द्या म्हणून. तिला वाटलं, साधी गोष्ट आहे, माणूस नाही कसं म्हणेल?

मेयर नाही म्हणाला. एका परक्या बाईसाठी अख्खं गाव धोक्यात घालायचं का? सकाळपर्यंत तिला गावाबाहेर काढा.

इकडे बाईचे ओले बूट वाळवायला शेगडीत ठेवले होते, ते जळून गेले. तेव्हा बूटही रेशनवर. नवरा जगप्रसिद्ध युद्धविरोधी, पण बायको दारोदार बूट शोधत फिरतेय! मला तर त्रोक्मेच्या सगळ्या प्रवचनांपेक्षा हे बूट जास्त महत्त्वाचे वाटतात.

आता या मेयरला खलनायक करू नका. तो नाझी नव्हता. तो व्यवहारी होता, जबाबदार होता, गावाचं भलं बघत होता. १९४० च्या ऑक्टोबरात फ्रान्सच्या विशी सरकारने ज्यूंना नोकऱ्यांतून काढणारा कायदा केला, तो कायदा अशाच हजारो व्यवहारी माणसांनी अमलात आणला. १९४२ च्या जुलैत पॅरिसमध्ये दोन दिवसांत सुमारे १३ हजार ज्यू पकडले, त्यांत ४ हजारांवर मुलं. पकडणारे जर्मन नव्हते, फ्रेंच पोलीस होते. हातात छापील पत्ते होते, वरून आदेश होता, सगळं कायदेशीर!

हॉलंडचं तर आणखी व्यवस्थित. अॅमस्टरडॅम महापालिकेने १९४१ मध्ये शहराचा नकाशा करून दिला, कुठल्या मोहल्ल्यात किती ज्यू. एक टिंब म्हणजे १० माणसं. करणाऱ्यांनी काम नेटकं केलं असणार. त्या देशातल्या १ लाख ४० हजार ज्यूंपैकी १ लाखाहून जास्त मारले गेले. ‘आपण फक्त माहिती भरतोय’ म्हणणाऱ्यांनी हा आकडा एकदा मोठ्याने वाचावा.

दुसरा गट माझ्यावर उलट बाजूने तुटून पडेल : बघा, पाद्री होता, धर्माने वाचवलं! थांबा. पॅरिसमध्ये दारं ठोठावणारे पोलीसही बाप्तिस्मा घेतलेलेच होते. गुड फ्रायडेच्या कॅथलिक प्रार्थनेत ज्यूंसाठी येणारा ‘विश्वासघातकी’ या अर्थाचा शब्द पोपनी काढला तो १९५९ मध्ये, म्हणजे युद्ध संपून १४ वर्षांनी. शेकडो वर्षं ज्या व्यासपीठावरून द्वेष शिकवला, त्याला चार चांगल्या माणसांच्या नावावर प्रमाणपत्र मिळणार नाही. तुलूजचे आर्चबिशप सालिएज यांनी १९४२ च्या ऑगस्टमध्ये चर्चाचर्चांतून निषेधाचं पत्र वाचायला लावलं, तेही लक्षात राहतं ते असे आवाज थोडे होते म्हणूनच.

पण शाँबाँमध्ये धर्माचा काहीच संबंध नव्हता असं म्हणणंही खोटं. ही माणसं ह्यूगनो, कॅथलिक फ्रान्समधली अल्पसंख्य प्रोटेस्टंट. १६८५ नंतर त्यांच्या पूर्वजांचा धर्मच बेकायदा ठरला होता. प्रार्थना रानात, पाद्री सापडला तर फाशी. मारी द्युरां नावाची बाई धर्म सोडेना म्हणून ३८ वर्षं बुरुजात कोंडलेली. या गोष्टी तिथे आज्या नातवंडांना सांगत. सरकारी कागदावर ‘बेकायदा माणूस’ असं लिहिलेलं असलं म्हणजे काय, हे त्यांना पुस्तकातून शिकावं लागलं नाही.

१९४२ च्या ऑगस्टमध्ये विशी सरकारचा मंत्री गावात आला. शाळेतल्या मोठ्या मुलांनी त्याच्या हातात पत्र ठेवलं : आमच्यात ज्यू आहेत, आम्ही भेद मानत नाही, त्यांना न्यायला आलात तर लपवू. चोरून नाही, तोंडावर सांगितलं! दोनेक आठवड्यांत पोलीस रिकाम्या बस घेऊन हजर. त्रोक्मेकडे यादी मागितली, त्याने दिली नाही. बस जवळजवळ रिकाम्याच परत गेल्या.

पुढची वर्षं मात्र सिनेमासारखी नव्हती, कंटाळवाणी होती. लपवलेल्या माणसाला रेशनकार्ड नसतं. म्हणजे चार जणांच्या भाकरीत सहा जण, तेही रोज. खोटे कागद लागत. ते बनवणाऱ्यांत ऑस्कर रोसोव्स्की हा कोवळा पोरगा होता आणि तो स्वतः ज्यू होता. हे मुद्दाम सांगतो, कारण आपल्या फॉरवर्डमध्ये ज्यू म्हणजे पोटमाळ्यावर गप्प बसलेलं गाठोडं असतं. बऱ्याच मुलांचा खर्च मदतसंस्था देत. काही घरांनी भाडं घेतलं. घेऊ दे की! पैसे घेऊन जीव धोक्यात घालणारा आणि फुकटात दार लावून घेणारा, यांत मोठा कोण ते तुम्हीच ठरवा.

आणि किंमत मोजावी लागलीच. १९४३ च्या फेब्रुवारीत त्रोक्मेला पकडायला पोलीस आले तेव्हा जेवणाची वेळ होती. माग्दाने पोलिसांनाही पानावर बसवलं. त्रोक्मे महिन्याभराने सुटला. त्याच्याच नात्यातला दानिएल त्रोक्मे वसतिगृह चालवायचा. त्याला मुलांसकट नेलं, तो १९४४ मध्ये मायदानेकच्या छावणीत मेला.

एवढं वाचून कोणीतरी लिहिणारच, ‘भारतात ज्यूंना कधी त्रास झाला नाही, आम्हाला शिकवू नका’. खरंय, कोकणातले बेने इस्राएल पिढ्यान्‌पिढ्या तेल गाळून सुखाने राहिले, शनिवारी घाणा बंद ठेवायचे म्हणून शनिवार तेली म्हणवले. पण ते श्रेय रायगडातल्या त्या शेजाऱ्यांचं. तुमच्या-माझ्या सोसायटीत फ्लॅट भाड्याने देताना पहिला प्रश्न आडनावाचा असतो. याची गॅस चेंबरशी तुलना मी करत नाहीये, उगाच स्क्रीनशॉट काढू नका. एवढंच म्हणतोय की ‘माझं काही नाही हो, पण कमिटी ऐकत नाही’ हे वाक्य आणि त्या मेयरचं वाक्य एकाच माळेचे मणी आहेत.

आता त्या फोटोकडे. जोझेफ आणि विक्टोरिया उल्मा, गाव मार्कोवा. पोलंडमध्ये ज्यूंना आसरा देण्याची शिक्षा मृत्यू होती, फ्रान्सहून कितीतरी कडक. २४ मार्च १९४४ ला जर्मन पोलिसांनी घरातल्या ८ ज्यूंना, मग गरोदर विक्टोरियाला, जोझेफला आणि सहाही मुलांना गोळ्या घातल्या. चुगली बहुधा एका स्थानिक पोलिसाने केली. २०२३ मध्ये चर्चने त्या कुटुंबाला धन्य घोषित केलं आणि तेव्हापासून फोटो जास्तच फिरतो.

फोटोखाली जे नसतं ते हे : मार्कोवात आणखीही घरांत ज्यू लपलेले होते. उल्मांच्या घरात काय झालं हे गावाला कळलं होतं. तरीही सुमारे २० ज्यू त्या गावात युद्ध संपेपर्यंत जिवंत राहिले. त्यांना ठेवणाऱ्या शेतकऱ्यांचे फोटो आपल्यापैकी कोणीच पाहिलेले नाहीत.