दाबून ठेवलेला पगार मागायला उठा!

सुरतेच्या गोडादऱ्यातल्या, लिंबायत-डिंडोलीतल्या माझ्या खानदेशी बंधू-भगिनींनो, पगाराची सात तारीख उलटून जाते. खोलीमालक भाड्यासाठी दारात उभा राहतो, किराणावाला उधारीची वही पुढे करतो, आणि शेठ म्हणतो, 'मार्केटमध्ये पैसा अडकलाय, पुढच्या महिन्यात बघू.' कंटाळून काम सोडलं, तर मागचे पंधरा-वीस दिवस बुडाले म्हणून गप्प बसायचं. का गप्प बसायचं? तुम्ही विणलेलं, रंगवलेलं कापड कधीच विकलं गेलं. राहिला आहे तो तुमचा हिशेब.

हे मागणं आजचं नाही. १८८४ साली नारायण मेघाजी लोखंड्यांनी मुंबईच्या गिरणी कामगारांची सभा भरवली आणि पाच हजारांहून अधिक कामगारांचा अर्ज सरकारपुढे ठेवला. रविवारच्या सुट्टीबरोबर त्यात एक मागणी होती: महिन्याचा पगार पुढच्या महिन्याच्या १५ तारखेच्या आत मिळाला पाहिजे. त्यांतल्या बहुतेकांना अक्षरओळखही नव्हती, तरी ते मागे हटले नाहीत. आपली मुलं तर कॉलेजात जातात!

२१ नोव्हेंबर २०२५ पासून वेतन संहिता लागू झाली आहे. महिन्याचा पगार पुढच्या महिन्याच्या ७ तारखेच्या आत. काम सोडलं किंवा काढून टाकलं, तर कामकाजाच्या दोन दिवसांत सगळा हिशेब चुकता. बुडालेल्या पगारासाठी तीन वर्षांपर्यंत दावा करता येतो, आणि रकमेच्या दहा पटींपर्यंत भरपाईचा आदेश होऊ शकतो. सगळ्यात मोठी गोष्ट ही, की पैसे दिले होते हे मालकाने सिद्ध करायचं आहे.

कोर्टात गरिबाचं कोण ऐकतं, असं म्हणू नका. लॉकडाऊनमध्ये गुजरात सरकारने कारखान्यांना बारा-बारा तास काम घ्यायची मोकळीक दिली आणि जादा तासांचा दुप्पट दर काढून घेतला. गुजरात मजदूर सभा सर्वोच्च न्यायालयात गेली. १ ऑक्टोबर २०२० रोजी न्यायमूर्ती धनंजय चंद्रचूड यांच्या खंडपीठाने त्या अधिसूचना रद्द केल्या आणि कामगारांना जादा कामाचे पैसे द्यायला लावले. त्याआधी, २०१३ साली, औरंगाबादच्या एका शिक्षिकेला याच न्यायालयाने न्याय दिला. शाळेने तिला बेकायदा काढलं होतं. न्यायाधिकरणाने मागचा पूर्ण पगार मंजूर केला, उच्च न्यायालयाने तो काढून घेतला, सर्वोच्च न्यायालयाने परत दिला. तिच्याच आडनावाने, सुरवसे खटला म्हणून, देशभरचे वकील आज त्याचा दाखला देतात. तिला वर्षानुवर्षं झगडावं लागलं, हेही खरं. पण ती घरी बसली असती तर?

ठेकेदाराकडे काम करणाऱ्याच्या हाती बहुधा ना नेमणुकीचा कागद असतो, ना पगाराची पावती. म्हणून आजच एक वही करा. तारीख, दिवसपाळी की रातपाळी, मशीनचा नंबर, किती मीटर निघाले, किती उचल घेतली, रोज लिहा. गेटपासचा, हजेरी कार्डाचा फोटो काढून ठेवा. 'कल जल्दी आना' असा मुकादमाचा व्हॉट्सॲप मेसेज आला तर पुसू नका. तुम्ही तिथे कामाला होता, याचा तोच पुरावा आहे. घरी साड्यांना लेस-टिकल्या लावणाऱ्या तायांनो, तुम्हीही किती नग आले, किती गेले, ते टिपून ठेवा.

नाव पुढे आलं तर पुन्हा कुठे काम मिळणार नाही, ही भीती मला कळते. ती खोटी नाही. म्हणून एकट्याने जाऊ नका. एकाच कारखान्यातल्या कितीही कामगारांची नावं दाव्याच्या एकाच अर्जात घालता येतात. कानबाईच्या रोटांना अख्खी गल्ली जमते, गणपतीची वर्गणी दारोदार फिरून गोळा होते. मग पगारासाठी एकाच कारखान्यातले दहाजण एका कागदावर सही करायला का जमू नयेत? वकिलाला पैसे नाहीत म्हणून अडू नका. औद्योगिक कामगाराला विधी सेवा प्राधिकरणाकडून मोफत वकील मिळण्याचा कायद्याने हक्क आहे. फोन करा १५१०० वर.

मंडळांच्या कार्यकर्त्यांनो, येत्या रविवारी मंडपात टेबल मांडा. शिकलेल्या पोरापोरींनो, अर्ज लिहून द्यायला बसा. आणि ज्याचा पगार अडलाय त्या प्रत्येक भावाने, ताईने आपली वही घेऊन तिथे यावं.