जिन्याखालचे रसायनशास्त्र

आपल्या शाळेच्या जिन्याखाली आरओचे यंत्र आहे. नववीची मुले ऊर्ध्वपातनाची व्याख्या घडाघडा म्हणतात. हे यंत्र काय करते असे विचारले की गप्प. दोष मुलांचा नाही. त्यांना कोणी ते उघडून दाखवलेले नाही.

रासायनिक कारखान्यातले मोठे काम म्हणजे मिसळलेले पदार्थ वेगळे करणे. गाळणे, वाळवणे, उकळणे अशा क्रियांना ‘युनिट ऑपरेशन’ हे नाव आर्थर लिट्ल या अमेरिकन रसायनतज्ज्ञाने १९१५ साली दिले. त्यांत उकळणे फार महाग. हजार लिटर पाण्याची वाफ केली आणि ती उष्णता परत वापरली नाही, तर सहाशेहून अधिक युनिटे लागतात. आरओमध्ये पाणी दाबाने पातळ मेम्ब्रेनमधून जाते, क्षार मागे राहतात. समुद्राच्या पाण्यातून हजार लिटर गोडे पाणी काढायला मोठ्या प्रकल्पात ३ ते ४ युनिटे पुरतात! असे मेम्ब्रेन १९६०च्या सुमारास कॅलिफोर्नियात सिडनी लोब आणि आपले श्रीनिवास सौरिराजन यांनी घडवले. उकळणे टळत नाही तिथेही सुधारणा झालीच. जर्मनीत बीएएसएफने १९८५ साली ऊर्ध्वपातनाच्या स्तंभात उभी भिंत घालून दोन स्तंभांचे काम एकात आणले. अशा स्तंभांत ऊर्जा सुमारे ३० टक्के वाचते.

हे सारे कॉलेजात शिकायचे, असे काही पालक म्हणतील. मला पटत नाही. सयाजीराव महाराजांनी १८९० साली कलाभवन काढले ते याच बडोद्यात. कोयलीची रिफायनरी इथून हाकेच्या अंतरावर, आणि आपली मुले स्तंभ पाहतात ते पुस्तकातल्या चित्रात.

पण आरओचे कौतुक करताना त्याच्या मागची नळीही पाहावी. तिच्यातून खारट पाणी दिवसभर गटारात जाते. मुलांनी तासभर बादली लावून ते मोजावे, टीडीएस मीटरने नळाचे पाणीही तपासावे. भारतीय मानकाप्रमाणे लिटरमागे ५०० मिलिग्रॅमपर्यंत क्षार चालतात. आकडा त्याच्या आत आला, तर विश्वस्तांनी हे यंत्र हवेच का, याचा विचार करावा. जंतूंसाठी साधा फिल्टर आणि यूव्ही पुरेल. जास्त आला, तर निदान ते फेकलेले पाणी संडासाच्या टाकीत सोडावे. बागेत नको, क्षारांनी झाडांना अपाय होऊ शकतो.

मीटर फारसा महाग नाही. बादली मी आणून देतो.